अबोली असेपर्यंत

बहरीनमध्ये जनावरांची डॉक्टर म्हणून मी जी वर्षं काढली, त्यातला निम्मा वेळ मांजरांनी खाल्ला आणि उरलेल्यातला बराचसा ससाण्यांनी. मी मिरजेत वाढले, परळच्या कॉलेजात शिकले, तेव्हा डोळ्यांसमोर गाई-म्हशी होत्या. मग लग्न झालं, यजमानांना इथल्या बँकेत नोकरी लागली आणि गाई-म्हशी मिरजेलाच राहिल्या.

ससाण्यांचे मालक हा एक वेगळाच वर्ग आहे. माझ्याकडे एक गृहस्थ यायचे, त्यांचा ससाणा गाडीत पुढच्या सीटवर बसायचा आणि त्यांचा मुलगा मागे. मुलाला मी एकदा विचारलं, तुला राग नाही येत? तो म्हणाला, "त्याला परीक्षा नसतात, म्हणून येतो." ससाण्याचं पीस मोडलं तर आम्ही ते जोडतो. जुन्या गळलेल्या पिसांचा साठा ठेवलेला असतो, त्यातलं रंगाला आणि मापाला जुळणारं निवडायचं, आत बारीक काडी घालून मोडक्या देठावर बसवायचं. दुसऱ्याच्या पिसावर तो पक्षी वर्षभर उडतो. हे पहिल्यांदा जमलं तेव्हा मी घरी येऊन गोडाचा शिरा केला होता.

असे किस्से पुष्कळ आहेत आणि ते सांगायला मला आवडतात. पण या दिवाळीत लिहायला बसले तेव्हा मनात दुसरंच काही येत राहिलं. माझ्या सगळ्या नोकरीत जे जनावर सगळ्यांत लहान होतं, तळहातावर मावणारं, त्याचं आणि त्याला सांभाळणाऱ्या माणसाचं हे आहे.

त्या जनावराचं नाव कोवारी. ऑस्ट्रेलियाच्या मधोमध जो दगडगोट्यांचा उजाड मुलूख आहे तिथलं. पाहणाऱ्याला तो उंदीरच वाटतो. राखाडी-वाळूच्या रंगाचं अंग, टोकदार नाक, मोठे काळे डोळे. शेपटीच्या टोकाला मात्र काळ्या केसांचा झुबका, भांडी घासायच्या ब्रशसारखा. पण उंदराशी त्याचं काही नातं नाही. ते कांगारूच्या गोतातलं. मादीच्या पोटाशी कातडीची घडी असते, पिलांच्या हंगामात ती पिशवीसारखी खोल होते. पिल्लू जन्मतं ते भाताच्या दाण्यापेक्षा मोठं नसतं, डोळे नाहीत, कान नाहीत. ते सरपटत त्या घडीत शिरतं, सड तोंडात धरतं आणि कित्येक आठवडे सोडत नाही. आणि हा प्राणी धान्य खात नाही, शिकार करतो. नाकतोडा, विंचू, पाल, खरा उंदीरसुद्धा.

हे कोवारी बहरीनमध्ये आले ते एका वृद्ध व्यापाऱ्याच्या हौसेमुळे. त्यांचं नाव मी इथे लिहीत नाही. त्यांच्याकडे काम करणारे सगळे त्यांना अरबाब म्हणत, आखातात मालकाला म्हणतात तसं, आणि मीही तेच म्हणत आले. तरुणपणी ते शिकायला ऑस्ट्रेलियात होते. तिथे सुट्टीत वाळवंटात भटकताना त्यांनी टॉर्चच्या उजेडात कोवारी पाहिला होता, तो डोक्यातून गेला नव्हता. धंदा मुलांच्या हाती दिल्यावर त्यांनी सखीरच्या बाजूला आपल्या जागेत वाळवंटातल्या प्राण्यांसाठी एक केंद्र उभं केलं. हरणं, लांब सरळ शिंगांचे ऑरिक्स, घोरपडी. आणि युरोपातल्या एका प्राणिसंग्रहालयाशी बोलून, परवानग्यांसाठी कचेऱ्यांचे उंबरे झिजवून, कोवारीच्या काही जोड्या. रानात ते फार थोडे उरलेत, म्हणून निरनिराळ्या देशांत त्यांची वीण वाढवायची, नर-मादी एकमेकांकडे पाठवत राहायचं, अशी ती योजना होती. मी तिथे आठवड्यातून एकदा तपासायला जायची.

अरबाबांच्या घरी सदानंद म्हणून एक ड्रायव्हर होता, कुडाळजवळच्या गावचा. माझ्यापेक्षा वयाने मोठा, म्हणून मी सदाभाऊ म्हणायची. पाठदुखीने गाडी चालवणं जमेना तेव्हा अरबाबांनी त्याला या केंद्रात आणलं आणि कोवारी त्याच्या ताब्यात दिले. पहिल्या दिवशी तो हात मागे बांधून पिंजऱ्यासमोर उभा होता.

"मॅडम, हे उंदीर इमानात घालून आणले? आमच्या गावात फुकट मिळतत."

मी त्याला पिशवीचं सांगितलं, कांगारूचं सांगितलं. तो मान हलवत राहिला, पण विश्वास काही बसला नाही. मग मी पिंजऱ्यात एक मोठं झुरळ सोडलं. मादी बिळातून निघाली, एका उडीत त्याला धरलं, पुढच्या दोन पायांत मक्याच्या कणसासारखं पकडून डोक्याकडून खायला सुरुवात केली. तिच्या जवळ आम्ही वाकलो तर तिने शेपटी झटकली आणि शिवणयंत्र चालू व्हावं तसा कटकट आवाज करत आमच्यावरच धावून आली.

सदाभाऊ दोन पावलं मागे सरला. "हो उंदीर नाय," तो म्हणाला. "हो वाघ आसा."

त्या दिवसापासून तो त्यांचा झाला. माद्यांना त्याने फुलांची नावं दिली. सुरंगी, बकुळ, शेवंती, अबोली. नरांना नावं दिली नाहीत. म्हणाला, ते जातले परदेशी, नाव ठेवून काय उपयोग.

कोवारीला तपासणं हे एक तंत्र आहे. हातात धरला तर चावतो आणि घाबरून स्वतःच अर्धमेला होतो. म्हणून तो एका सुती पिशवीत घ्यायचा, पिशवीसकट वजन करायचं आणि तोंडाचं, पोटाचं, शेपटीचं, एकेक टोक बाहेर काढून बघायचं. भूल द्यायची झाली तर त्याच्या तोंडाएवढा मास्क बाजारात मिळत नाही. मी इंजेक्शनच्या सिरिंजचं नळकांडं कापून, त्याच्या कडेला हातमोज्याचं रबर ताणून मास्क करायची. पिशवी धरायचं काम सदाभाऊचं. त्याच्या जाड बोटांत ते जनावर शांत व्हायचं. माझ्या हातात कधी झालं नाही.

सुरंगीला पहिली पिलं झाली तेव्हा मी तिला पिशवीतून उलटी करून पोट दाखवलं. घडीत सहा दाणे लटकलेले. अरबाब भिंग घेऊन वाकले आणि एकेक दाणा मोजत राहिले. बहरीनच्या जुन्या व्यापारी घरांतल्या माणसांना येतं तसं मोडकं हिंदी त्यांना यायचं. ते म्हणाले, "डॉक्टर, मैंने इतना छोटा ज़िंदा चीज़ कभी नहीं देखा." सदाभाऊ टोपी काढून उभा होता. काही आठवड्यांनी तीच पिलं आईच्या पाठीवर लोंबकळत पिंजराभर फिरायला लागली, कधी कुणी पडायचं, मग आई थांबून पडलेल्याची वाट बघायची.

अरबाबांना या प्राण्याच्या सगळ्या भाऊबंदांची माहिती होती आणि संध्याकाळी चहा पिताना ते ती आम्हाला सांगायचे. एकाच्या शेपटीत चरबी साठते आणि अन्न नसलं की तो अंग थंड करून मेल्यासारखा पडून राहतो, मग उन्हात येऊन जागा होतो. दुसऱ्या एका जातीत नर आयुष्यात एकच हंगाम माद्यांच्या मागे पळतो, खाणंपिणं सोडतो, आणि हंगाम संपला की जातीतले झाडून सारे नर मरतात. मी ते सदाभाऊला मराठीत सांगितलं.

"सगळे?" त्याने विचारलं.

"सगळे."

"आणि पोरांक कोण बघता?"

"आई."

तो हसला. "म्हणजे आमच्यासारख्याच झाला. बापूस गल्फात."

मी हसले, अरबाबांना त्याचं भाषांतर करून सांगितलं, ते मात्र हसले नाहीत. त्यांनी सदाभाऊला विचारलं, घरी कधी गेला होतास? आणि दुसऱ्या दिवशी त्याची सुट्टी मंजूर झाली.

ती चांगली वर्षं होती. ईसा टाउनच्या शाळेची बस यायची, मुलं काचेला नाकं लावायची. आपल्याकडची दिसणारी मुलं दिसली की सदाभाऊ हौसेने मराठीत सांगायला लागायचा आणि मुलं इंग्रजीत विचारायची, "अंकल, इज इट अ रॅट?"

"नो रॅट," तो म्हणायचा. "टायगर. स्मॉल टायगर."

एकदा ऐन ऑगस्टमध्ये केंद्राच्या त्या भागातली वीज गेली आणि दिवसभर येईना. अरबाबांनी सगळे कोवारी आपल्या अरादच्या घरी आणवले, थेट मजलिसमध्ये, म्हणजे जिथे गालिचे अंथरून पाहुण्यांना बसवतात त्या दिवाणखान्यात. पिंजरे लावताना सुरंगी सदाभाऊच्या हातून निसटली. तेवढ्यात पाहुणे आले. अरबाबांनी त्यांना बसवलं आणि सांगितलं, पाय जपून ठेवा, घरात आणखी एक मेहमान आहे. मोठमोठी माणसं मांडी घालून, कॉफीचे पेले हातात घेऊन, निमूट बसून राहिली. सदाभाऊ आणि मी हातापायांवर रांगत लोडांच्या मागे शोधत होतो. शेवटी ती सापडली खुंटीला टांगलेल्या अरबाबांच्या काळ्या झग्याच्या बाहीत, गाढ झोपलेली. अरबाब म्हणाले, झगा तसाच राहू द्या. आणि ती उठेपर्यंत तो तसाच राहिला.

मग जे घडलं त्यात कुणाची चूक नव्हती, म्हणूनच ते पचवायला जड गेलं.

कोवारी फार जगत नाही, आणि मादीला पिलं होण्याची वर्षं त्याहून कमी असतात. त्यामुळे वीण चालू ठेवायची तर एकही हंगाम वाया घालवून चालत नाही. त्या वर्षी आमच्याकडे तरणे नर बरेच होते, पण ते सगळे इथल्या माद्यांचे भाऊ नाहीतर मुलगे. योजनेनुसार आम्ही ते युरोपात पाठवले आणि बदल्यात तिकडून परक्या रक्ताचे नर यायचे होते. आमचे गेले. त्यांचे निघायच्या बेतात होते, तोच कोरोना आला आणि विमानं थांबली.

सुरुवातीला वाटलं, महिन्याभराचा प्रश्न आहे. मग वाटलं, हा हंगाम गेला तरी पुढचा आहे. विमानं पुन्हा सुरू झाली तेव्हा तिकडचे नर म्हातारे झाले होते, नवे तयार नव्हते, पाठवणारी माणसं बदलली होती, परवानग्या नव्याने काढायच्या होत्या. मी फोन करत राहिले. इकडे सुरंगी मेली, म्हातारपणाने, झोपेत. उरलेल्यांच्या नाकाभोवती पांढरे केस दिसायला लागले. दर आठवड्याला मी त्यांची पोटं बघायची आणि ती घडी कोरडी, सपाट असायची.

एक दिवस सदाभाऊने मला विचारलं, "मॅडम, आता नर इलो तरी काय उपयोग नाय ना?"

"नाही, सदाभाऊ."

"अरबाबांक सांगू नकात," तो म्हणाला.

सांगायची गरज नव्हती, त्यांना ठाऊक होतं. ते स्वतःच आजारी होते. शेवटी शेवटी त्यांना चाकाच्या खुर्चीत आणायचे आणि ते काचेसमोर बसून राहायचे. त्यांच्या पायांवर शाल घालणं, खुर्ची उन्हातून सावलीत सरकवणं हे सदाभाऊ न सांगता करायचा. पुढच्या हिवाळ्यात ते वारले.

त्यांची मुलं भली होती, पण त्यांचा जीव जनावरांत नव्हता, आणि सगळ्यांचा असावाच असंही नाही. केंद्र बंद करायचं ठरलं. ऑरिक्सना आणि हरणांना घ्यायला लोक लगेच आले. घोरपडीही गेल्या. कोवारींना कुणी मागितलं नाही. एकदा देशाबाहेर गेलेलं जनावर ऑस्ट्रेलिया परत घ्यायला तयार होत नाही, रोग शिरतील म्हणून. प्राणिसंग्रहालयांना पिलं न होणाऱ्या म्हाताऱ्या माद्या नको होत्या. त्यांच्याकडे जागा मोजकी असते. थोरला मुलगा, त्याला खालिद म्हणू, माझ्या दवाखान्यात आला आणि खुर्चीच्या कडेवर बसला.

"डॉक्टर, काय करायचं ते तुम्ही सांगा," तो इंग्रजीत म्हणाला. त्याला काय विचारायचं होतं ते मला कळलं. एक इंजेक्शन दिलं की झालं, असं बाकी कुणीही म्हटलं असतं. तो म्हणाला नाही.

मी म्हटलं, माझ्या दवाखान्यामागे एक खोली रिकामी आहे. तीन माद्या उरल्यात. त्या त्यांच्या मरणाने मरू देत. पण त्यांना बघणारं माणूस लागेल.

खालिद खुर्चीत नीट मागे सरकून बसला. "बाबा गेले तेव्हा त्यांनी सदानंदचा हात धरला होता," तो म्हणाला. "शेवटची मादी असेपर्यंत त्याचा व्हिसा आणि पगार माझ्याकडे. त्यानंतर मला जमणार नाही. माझीही माणसं मी कमी करतोय."

असा तो करार झाला, कुठेही न लिहिलेला. सदाभाऊला मी सांगितला तेव्हा त्याने फक्त मान डोलवली. त्याला पगार किती हवा होता ते मला माहीत होतं. गावी त्याच्या बायकोची, रेवतीवहिनींची, मूत्रपिंडं निकामी झाली होती आणि आठवड्यातून दोनदा त्यांना डायलिसिसला न्यावं लागे. साठी उलटलेल्या माणसाला इथे दुसरीकडे व्हिसा मिळणं अवघड, हेही त्याला माहीत होतं.

आमच्या मराठी मंडळींत ही गोष्ट पसरली. गणपतीत आरती झाल्यावर कुणीतरी म्हणालं, "काय सदा, तुझा अरबाब आता बोटाएवढा झाला म्हणे. मोदक खातो का?" सगळे हसले. सदाभाऊही हसला. प्रसादाची वाटी घेऊन तो बाहेर जाऊन उभा राहिला, ती त्याने तशीच परत आणून ठेवली.

शेवंती गेली, मग बकुळ. अबोली उरली.

ती चौघींत सर्वांत भित्री होती. तिच्या बिळाचं तोंड सदाभाऊने वाळूत अशा कोनात केलं होतं की तिला बसल्या जागी दार दिसावं. तो सकाळी यायचा, वाळू चाळायचा, पाणी बदलायचा, तिच्यासाठी किडे निवडायचा. दात झिजले तेव्हा किड्यांचे पाय आणि पंख चिमट्याने काढून द्यायला लागला. मग मांस कुस्करून. रिकाम्या वेळात तो माझ्या मांजरांचे पिंजरे धुवायचा; मी नको म्हटलं तरी.

मग एका तपासणीत मला तिच्या जबड्याखाली गाठ लागली. या प्राण्यांना म्हातारपणी अशा गाठी होतात. कापता येईल का ते मी पाहिलं. जबड्याच्या हाडात गेली होती. दुखणं कमी करणारं औषध सुरू केलं. काही दिवस ती बरी वाटली. नंतर तिचे मागचे पाय ओढले जायला लागले.

इथे मला एक सांगितलं पाहिजे. आमच्या धंद्यात माणसांच्या डॉक्टरकडे नसलेला एक अधिकार आमच्याकडे असतो. जनावराला सोसवेनासं झालं की आम्ही ते संपवू शकतो, आणि ती वेळ ओळखणं हे कामाचाच भाग आहे. शेकडो मालकांना मी ती वेळ सांगितली आहे. माणसं रडतात, आणखी एक आठवडा मागतात, मी शांतपणे नाही म्हणते. पण अबोलीच्या वेळी मला बोलता येईना. मी ते वाक्य उच्चारलं की त्याच्या बरोबरीने एका माणसाचा व्हिसा संपत होता, आणि कुडाळला एका बाईचं डायलिसिस. मी औषध वाढवलं. उद्या बघू म्हटलं. दुसऱ्या दिवशी पुन्हा उद्या बघू म्हटलं. सदाभाऊ काही विचारत नव्हता. तो तिला ड्रॉपरने पाणी पाजायचा आणि ते गाठीच्या बाजूने बाहेर यायचं.

मधल्या काळात मी खालिदला फोन केला. तो म्हणाला, त्याने आणखी दोन ठिकाणी विचारलंय, वयामुळे कुणी घेत नाही. मी नोकरीला होते त्या दवाखान्याच्या मालकांना विचारलं, मांजरांच्या पिंजऱ्यांसाठी एक माणूस घेता येईल का. ते म्हणाले, आहेत तीच माणसं जास्त झालीत.

एका सकाळी मी दवाखान्यात आले तर सदाभाऊ माझ्या टेबलासमोर उभा होता. एरवी तो आधी मागच्या खोलीत जायचा. हातात ती सुती पिशवी होती, तळाशी हलकासा फुगवटा.

"मॅडम, आता पुरे करूया," तो म्हणाला.

मी काहीतरी बोलायला लागले. औषधाचा डोस, आणखी एक दिवस.

"तिका त्रास होता. काल तिने किडो बघलो आणि तोंड फिरवल्यान." तो थांबला. "तुम्ही माझ्यासाठी थांबलात, ता माका कळता. पण तिने कित्याक थांबायचा? तिका खय व्हिसा कळता."

"सदाभाऊ, वहिनींचं काय?"

"माझा काय ता मी बघतंय. तिका मी रात्री सांगलंय फोनवर. ती म्हणाली, बिचाऱ्या जनावराक माझ्यापायी लोळवू नकात."

मी सिरिंजचा मास्क काढला. सदाभाऊने पिशवीचं तोंड सैल केलं आणि अबोलीचं नाक बाहेर येईल एवढीच जागा ठेवली. पूर्वी ती चिडून कटकट आवाज करायची, त्या दिवशी केला नाही. भुलीचा वायू सोडला, तिचा श्वास लांब झाला, मग मी सुई दिली. एवढ्या लहान हृदयाला फार वेळ लागत नाही. स्टेथोस्कोप लावून मी खात्री केली आणि मान हलवली. सदाभाऊने अंगठ्याने तिच्या कपाळावरचे केस एकदा सरळ केले.

दवाखान्याच्या मागे कण्हेर आहे, तिच्या मुळाशी त्याने तिला पुरलं. जमीन कडक होती. पहारीने खणावी लागली. मग तो खोलीत गेला. पिंजऱ्यातली वाळू पोत्यात भरली, काच पुसली, पाण्याची वाटी घासून पालथी घातली, लादी पुसली. दुपारी कामं संपली तेव्हा माझ्या दारात आला आणि नेहमीसारखं विचारलं, "उद्या किती वाजता येऊ, मॅडम?"

विचारल्यावर त्याचं त्यालाच कळलं. तो दाराची चौकट धरून उभा राहिला. मग मी म्हटलं, "नेहमीच्या वेळेला या."

तो आला. तिकिटाचा दिवस येईपर्यंत रोज नेहमीच्या वेळेला आला, मांजरांचे पिंजरे धुतले, ससाण्यांना बसायचे ठोकळे पुसले, अकरा वाजता माझ्याबरोबर चहा घेतला. खालिदने त्या महिन्याचा पगार दिला आणि विमानतळावर सोडायला स्वतः गाडी घेऊन आला. मी गेले नाही. ऑपरेशन होतं. ते पुढे ढकलता आलं असतं, पण मी ढकललं नाही.

गावी गेल्यावर तो शाळेच्या मुलांना नेणारी रिक्षा चालवायला लागला, दुखत्या पाठीने. रेवतीवहिनींचं डायलिसिस त्याने थांबू दिलं नाही. कसं चालवलं ते त्याने सांगितलं नाही आणि मी पाठवते म्हटलं तर विषय बदलला. पावसाळ्यानंतर त्या गेल्या. त्याने मला फोन करून सांगितलं. आवाज नेहमीसारखाच होता.

"मी हय होतंय म्हणून," तो म्हणाला. "नाय तर ती एकटीच गेली असती. ता एक बरा झाला, मॅडम."

त्याच्याकडे कुठेतरी कोंबडा आरवत होता. मग त्याने विचारलं, "त्या मागच्या खोलीत आता कोण आसा?"

"एक मांजर आहे," मी म्हटलं. "गाडीखाली आलं होतं. पाय मोडलाय."

"टेबलावर ठेवलात की खाली?"

"टेबलावर."

"खाली ठेवा," सदाभाऊ म्हणाला. "टेबलावर एसीचो वारो सरळ अंगावर येता. रात्री थंडी लागात त्याका."

मी फोन ठेवला आणि मागच्या खोलीत जाऊन मांजराचा पिंजरा खाली ठेवला.